कृपया मूळ सीडी घाला

दुकानात शिरताच बाईंनी सीडीची डबी काउंटरवर ठेवली. पोलिसांपुढे पुरावा ठेवावा तशी.

"ओरिजिनल आहे. बिल आत आहे. नव्या कॉम्प्युटरवर चालत नाही, चालवून द्या."

माझं दुकान म्हणजे जिन्याखालचा कोनाडा. दोन माणसं आत आली की तिसऱ्याने पोट आत घ्यायचं. बाईंच्या मागून दुसऱ्या बाई शिरल्या. उंच, रुंद खांद्यांच्या, गळ्याभोवती रुमाल, हातात लहान मुलांची असते तसली पांढरी पाटी आणि मार्कर. त्यांनी भिंतीवर लटकलेल्या वायरी पाहिल्या, पोटं उघडी टाकलेले चार कॉम्प्युटर पाहिले, मला पायापासून डोक्यापर्यंत पाहिलं आणि पाटीवर लिहिलं, "हा दुरुस्त करतो की नुसता उघडून ठेवतो?" लिहिलं बहिणीसाठी, पण पाटी धरली माझ्याकडे वळवून.

"माझी थोरली बहीण," पहिल्या बाई म्हणाल्या. "मनावर घेऊ नका. तीस वर्षं बस स्टँडच्या तिकीट खिडकीवर काढलीत तिने."

मनावर घ्यायला मला फुरसतच नव्हती. माझं लक्ष डबीवरच्या चित्राकडे होतं. लाकडी पूल, खाली नदी, पुलाच्या तोंडाशी काठी घेऊन बसलेली म्हातारी. खेळाचं नाव 'पूल पार'. पंचवीस वर्षांपूर्वी हा खेळ मी फुटपाथवर ढिगाने विकला होता. ओरिजिनल डबी मात्र आयुष्यात पहिल्यांदा हातात आली होती. हे अर्थातच मी बोललो नाही.

नव्या कॉम्प्युटरला सीडी घालायला तोंडच नसतं. बाहेरून वेगळा ड्राइव्ह लावावा लागतो. तो लावला, सीडी घातली. कॉम्प्युटर म्हणाला, हा प्रोग्राम फार जुना आहे, बनवणाऱ्याशी संपर्क साधा. त्याला गुंगारा देऊन पुढे गेलो. मग स्क्रीनवर दुसरी सूचना आली : कृपया मूळ सीडी घाला.

"घातलीय की," धाकट्या बाई स्क्रीनला म्हणाल्या.

मी सीडी काढली, पुसली, पुन्हा घातली. कृपया मूळ सीडी घाला.

थोरलीने लिहिलं, "आता त्याला बिल दाखव."

"ह्यात कुलूप आहे," मी समजावायला लागलो. "सीडी खरी की चोरीची हे बघायला कंपनीने आत एक पहारेकरी बसवलाय. तो जुन्या कॉम्प्युटरच्या पार पोटात जाऊन बसायचा. नवा कॉम्प्युटर त्याला दारातच अडवतो. म्हणतो, हा कोण अनोळखी, घातक दिसतो. पहारेकरी आत जाऊ शकत नाही, म्हणून तुमची खरी सीडी खोटी ठरते. कुठल्या गाढवाने केलं होतं कुणास ठाऊक."

"मी," धाकट्या बाई म्हणाल्या.

थोरलीचे खांदे गदगदा हलले. ती हसत होती. आवाज मात्र काहीच नाही, रुमालाखालून नुसती हवा फुसफुसली.

धाकटी त्या कंपनीत प्रोग्रामर होती. कुलूप तिचं, आणि त्याचा तिला अजूनही अभिमान. "गाढवपणा नव्हता तो," ती म्हणाली. "फुटपाथवर कॉप्या विकणाऱ्या हरामखोरांनी ती वेळ आणली आमच्यावर. दोन वर्षं राबलो आम्ही त्या खेळासाठी. आणि हे लोक गोणपाटावर मांडून विकायचे!"

मी सीडी पुसत राहिलो. इतकी स्वच्छ सीडी मी जन्मात पुसली नव्हती.

"पण आता खेळायचाय कशाला?" मी विचारलं. ह्या वयात, असं म्हणणार होतो, पण पाटीकडे बघून गिळलं.

मग सगळं कळलं. थोरलीच्या गळ्यात गाठ निघाली. निघाल्यापासून नवव्या दिवशी डॉक्टरांनी स्वरयंत्र काढून टाकलं. नऊ दिवसांत माणूस तपासण्या करील, सह्या करील की स्वतःचा आवाज साठवून ठेवायला बसेल? आता तिच्यासाठी बोलणारं यंत्र आलं होतं. टाइप करायचं, यंत्र बोलणार. वाचा उपचार केंद्रातल्या बाईंनी सांगितलं, की पेशंटच्या जुन्या आवाजाचे नमुने दिलेत तर यंत्र त्याच आवाजात बोलेल. स्वच्छ ऐकू येणारी, वेगवेगळी दोनशे वाक्यं हवीत. नसतील तर तयार आवाजांतला एक निवडा : सौम्य, प्रसन्न किंवा व्यावसायिक.

"ते तिन्ही ऐकले तिने," धाकटी म्हणाली.

थोरलीने लिहिलं, "लिफ्ट बोलते तसं. तिसरा मजला, पाय पुसा."

घरात तिच्या आवाजाचं रेकॉर्डिंग म्हणावं तर काहीच नव्हतं. मोबाइलमधल्या व्हिडिओत ती कॅमेऱ्यामागून "पुरे झालं ते, बंद कर" एवढंच म्हणते, तेही पंख्याच्या घरघरीत. पण 'पूल पार' बनवताना कंपनीला आवाज देणारी बाई भाड्याने आणणं परवडलं नव्हतं. धाकटीने बहिणीला नेलं. पुलावरची ती म्हातारी, म्हणजे थोरली. चाळिशीही गाठली नव्हती तेव्हा, पण तिकीट खिडकीने गळा असा तयार केला होता, की म्हातारीचं सोंग करावं लागलं नाही. नेहमीसारखं बोलली. दोनशे चौदा वाक्यं. बंद खोलीत, चांगल्या माइकवर. जगात तिचा आवाज आता कुठे शिल्लक असेल तर ह्या सीडीत. आणि त्यावर कुलूप धाकट्या बहिणीचं.

"पुढच्या महिन्याच्या नऊ तारखेला आवाज बसवणार आहेत," धाकटी म्हणाली. "ती तारीख चुकली तर नंबर सहा महिन्यांनी. तोवर लिफ्ट."

आता गप्प बसणं म्हणजे नालायकपणा होता. तेवढा मी नालायक नाही. म्हणजे होतो, पण त्याला बरीच वर्षं झाली. मी माळ्यावरचा खोका काढला, त्यातून एक सीडी काढली. तिच्यावर माझ्याच अक्षरात स्केच पेनने लिहिलेलं : एकात बारा.

"मॅडम, ही बघा. ह्यात पण आहे 'पूल पार'. कुलूप फोडलेला."

सीडी घातली. खेळ पहिल्या फटक्यात सुरू झाला. ना तक्रार, ना सूचना, ना मूळ सीडीची मागणी. खरेदी करणाऱ्याला दारात उभं करणारं जग चोराला असं पायघड्या घालून आत घेतं. हे मी कॉम्प्युटरपुरतंच म्हणत नाही.

पूल आला, नदी आली, म्हातारी आली. पुलावरचा वाटसरू माझ्या हातून घसरून पाण्यात पडला. म्हातारीने काठी उगारली, तोंड उघडलं, मिटलं. आवाज नाही.

"स्पीकर लावा," धाकटी म्हणाली.

"लावलाय."

"मग आवाज?"

"काढलाय."

"कुणी?"

जिन्यावरून कुणीतरी धडधडत खाली उतरलं. ते पार रस्त्यावर पोचेपर्यंत मी थांबलो.

"कुलूप कुणी फोडलं ते मला ठाऊक नाही. फोडलेली कॉपी हातोहात माझ्यापर्यंत आली. पण एका सीडीत एकच खेळ दिला तर फुटपाथवर कोण उभं राहतं? बारा बसवायचे तर जागा करायला हवी. सगळ्यात जास्त जागा आवाज खातो. म्हणून आवाज मी काढला. गिऱ्हाइकं काही बोलली नाहीत. त्यांना पूल पार करायचा होता, म्हातारीशी गप्पा नव्हत्या मारायच्या."

थोरलीने मार्करचं टोपण शांतपणे काढलं. लिहायला बराच वेळ घेतला.

"डॉक्टरने माझा गळा आत्ता कापला. तू पंचवीस वर्षं आधीच."

मला वाटलं, आता पाटी डोक्यात बसणार. पण तिचे खांदे पुन्हा हलायला लागले. धाकटी मात्र हसली नाही. तिने डबी पर्समध्ये टाकली. "मी रीतसर मार्गाने करीन. चोरांची मदत नको मला," म्हणाली आणि बहिणीला दंडाला धरून घेऊन गेली.

रीतसर मार्ग बारा दिवस चालला.

धाकटीची कंपनी मोठ्या कंपनीने गिळली होती, त्या कंपनीला त्याहून मोठीने. त्या सगळ्यात वरच्या पोटाशी तिने पत्रव्यवहार केला. मी कुलूप लिहिणारी, मला माझ्याच बहिणीचा आवाज हवाय, मूळ रेकॉर्डिंग द्या. उत्तर आलं, की मूळ रेकॉर्डिंग कार्यालय बदलताना निकालात काढलं. बरं, मग कुलूप उघडायची परवानगी द्या. उत्तर आलं, की नोकरीत लागताना आपण सही केलेली आहे; हे कुलूप आपण फोडणार नाही आणि फोडणाऱ्यास मदत करणार नाही, हयातभर. शेवटी लिहिलं होतं, 'आपल्या आठवणींचा आम्हाला आदर आहे', आणि खाली नव्या 'पूल पार'ची जाहिरात.

नवा खेळ तिने मोबाइलवर घेऊन पाहिला. त्यात पूल तुमच्या अकलेने पार करायचा नसतो, नाणी विकत घेऊन करायचा असतो. म्हातारी काढून टाकलीय, कारण पाहणीत आढळलं की तिच्यामुळे खेळणाऱ्यांच्या भावना दुखावतात. आता माणूस नदीत पडला की टाळ्या वाजतात.

मग तिने भंगारवाल्याकडून एक जुना कॉम्प्युटर उचलून आणला. जुन्यावर तिचा पहारेकरी आत शिरला असता, तिचं बरोबर होतं. पण आतले कपॅसिटर बेडकाच्या गळ्यासारखे फुगलेले. कॉम्प्युटर चार मिनिटं चालला, पाचव्या मिनिटाला धूर निघाला आणि घरातला फ्यूज उडाला.

तेराव्या दिवशी दोघी पुन्हा माझ्या कोनाड्यात. तारीख पाच दिवसांवर. धाकटी छापून आणलेली कंपनीची पत्रं काउंटरवर आपटून म्हणाली, "बोला, चोरमहाराज. काय करायचं?"

"तुमच्या सीडीत आवाज आहे, पण ती चालत नाही. माझी चालते, पण मुकी आहे. तुमच्यातली आवाजाची फाइल उचलायची, माझ्यातल्या रिकाम्या जागी ठेवायची. चालवणारा चोर, बोलणारी साव. पण सही केलीत ना तुम्ही? हयातभरची?"

थोरलीने लिहिलं, "सही करणारीची हयात चालू आहे. माझा आवाज वारला. कुणाचं बघायचं ते ठरव, शहाणे."

धाकटीने पत्रांची घडी घातली, एकदा, दोनदा, तिसऱ्यांदा, आणि हलणाऱ्या टेबलाच्या पायाखाली सारली. टेबल हलायचं थांबलं. कंपनीकडून मिळालेली एवढी एकच मदत कामी आली.

फाइल उचलायला गेलो तर ड्राइव्ह कण्हायला लागला. कर्र, कर्र, आणि ठप्प. पुन्हा, आणि पुन्हा ठप्प.

"सीडी खराब झालीय," मी म्हणालो.

"खराब नाही. मी केलेत ते खड्डे," धाकटी म्हणाली. इतक्या अवघड जागीही तिच्या आवाजात थोडी ऐट होतीच. "सीडीवर मुद्दाम न वाचता येणाऱ्या जागा ठेवल्यात. खऱ्या सीडीवर खड्डे असतात, कॉपीवर नसतात. पहारेकरी तेच तपासतो. आणि सगळ्यात मोठी फाइल आवाजाची, म्हणून ते तिच्यातच पेरले. चोर उचलायला गेला की तोंडावर पडेल."

"चोराने ती फाइलच टाकून दिली, मॅडम. तुमच्या खड्ड्यात आजवर पडलात त्या तुम्हीच."

"ताईच्या आवाजाला धक्का नाही," ती घाईने म्हणाली. "दोन वाक्यांच्या मधल्या शांत जागा शोधून शोधून केलेत. एकोणीस खड्डे. सगळे मुक्या जागी."

मग काय, खड्डे टाळून वाचायचं. न वाचता येणारा तुकडा आला की सोडून द्यायचा, पुढचा घ्यायचा. अख्खी दुपार ड्राइव्ह दम्याच्या रोग्यासारखा खोकत होता. संध्याकाळी फाइल बाहेर आली. माझ्या चोरट्या खेळाच्या पोटात ठेवली. वाटसरूला पुलावर चढवलं. मी काही करायच्या आत तो नदीत पडला.

आणि त्या कोनाड्यात आवाज आला, खणखणीत, भिंतीवरच्या वायरी थरथराव्यात असा :

"पडलास? अरे, नदीला आधी विचारायचं तरी, जागा आहे का म्हणून!"

धाकटी खुर्चीतून अर्धवट उठली. थोरलीचा मार्कर हातात तसाच, टोपण उघडं. ती स्क्रीनकडे बघत नव्हती, स्पीकरकडे बघत होती. मग तिने गळ्यावरच्या रुमालाला हात लावला आणि काढून घेतला.

मी चहा सांगायला म्हणून बाहेर गेलो. चहाची तल्लफ नव्हती.

दुसऱ्या दिवशी कामाला लागलो. आवाजाची फाइल धाकटीने अशा गुंतागुंतीने बांधली होती, की सोडवायची कशी हे तिलाही आठवेना. फाइल उघडायला एकच वाट, खेळ खेळणं. वाक्य ऐकू आलं की रेकॉर्ड करायचं. आणि म्हातारी बोलायची केव्हा? तुम्ही हरलात की. जिंकणाऱ्याशी ती एक शब्द बोलत नाही, नुसती काठी बाजूला करते. चुकीची फळी निवडलीत तर एक टोमणा, ओझं जास्त झालं तर दुसरा, वारा सुटलेला असताना पाऊल टाकलंत तर तिसरा. दोनशे चौदा वाक्यं म्हणजे दोनशे चौदा तऱ्हांनी हरायचं.

"द्या इकडे," धाकटी म्हणाली आणि माउस घेतला. दहा मिनिटं झाली, वीस मिनिटं झाली. वाटसरू टुणटुण उड्या मारत पुलामागून पूल पार करतोय. म्हातारी गप्प.

"मॅडम, हरायचंय."

"हरतेय ना! हात ऐकत नाही. फळी चुकीची दिसली की तो आपोआप दुसरीकडे जातो."

"कधीच हरला नाहीत?"

"मी बनवलाय तो. का हरेन?"

थोरलीने लिहिलं, "लहानपणी पण अशीच. पत्ते खेळताना रडायची, म्हणून मी मुद्दाम हरायचे." मग ते पुसून पुन्हा लिहिलं, "त्याला दे. त्याच्याकडे बघून वाटतं, जमेल."

मला जमलं. हरण्यात माझा हात धरणारा विरळा. त्यात नवा कॉम्प्युटर इतका वेगवान, की वाटसरू बाणासारखा सुटायचा आणि पूल सुरू व्हायच्या आत संपलेला असायचा. पण त्यात एक गोची होती. म्हातारीचं वाक्य पुरं होण्याआधी पुढचा डाव सुरू व्हायचा. "डोळे आहेत की..." पुढे बटणं आहेत की बोरं आहेत, कळायचंच नाही. मग कॉम्प्युटरला मुद्दाम हळू करणारा प्रोग्राम शोधला. लोक वेगासाठी नवा कॉम्प्युटर घेतात, आणि आम्ही त्याच्या गळ्यात लोढणं बांधत बसलो होतो. पण लोढणं बांधल्यावर म्हातारी नीट बोलायला लागली.

"एवढा हळू? तुझ्याआधी पूल म्हातारा होईल!"

"उजवी फळी म्हणाले मी. उजवी म्हणजे उजवीच, तुझ्या मनातली नव्हे!"

"परत आलास? मघाचे कपडे तरी वाळले का?"

"पोहता येत नाही, चालता येत नाही. मग आईने शिकवलं काय, नुसतं नाव लिहायला?"

तीन दिवस थोरलीचा आवाज मला शिव्या घालत होता आणि थोरली बाजूला बसून दर वाक्याला यादीत खूण करत होती. मधेच लिहायची, "हे मी म्हटलं होतं? छान म्हटलं होतं." धाकटी मला हरायचे नवेनवे मार्ग सांगायची. कुठला दगड उचलायचा, कुठल्या दोरावर पाय द्यायचा. दुरुस्तीला कॉम्प्युटर घेऊन आलेलं एक गिऱ्हाईक दारातच थबकलं आणि म्हणालं, "कोण रागावतंय हो एवढं? मी नंतर येतो."

आठ तारखेला दुपारी यादी संपली. थोरलीने खुणा मोजल्या. पुन्हा मोजल्या. मग पाटीवर आकडा लिहिला : १९५.

"असं कसं?" धाकटी म्हणाली. "दोनशे चौदा आहेत."

एकोणीस ठिकाणी वाक्य सुरू व्हायचं आणि 'टक्' असा आवाज होऊन मेलेलं असायचं. "अरे बाबा, तुला किती वेळा —" टक्. मला वाटलं होतं, माझं रेकॉर्डिंग बिघडतंय. धाकटीने तो एकोणीसचा आकडा ऐकला आणि खुर्चीत मागे टेकली.

"खड्डे," ती म्हणाली.

तिने यादी जवळ ओढून खूण नसलेली वाक्यं पाहिली. मग तुटक तुटक सांगितलं. खड्ड्यांच्या जागा तिने फाइल तयार झाल्यावर लगेच ठरवल्या, अगदी मुक्या जागा बघून. नंतर कंपनीतले साहेब म्हणाले, म्हातारी वाक्यांच्या मधे फार थांबते, त्या शांत जागा छाटा. तिने छाटल्या. फाइल आखूड झाली, वाक्यं पुढे सरकली, आणि खड्डे होते तिथेच राहिले. मुक्या जागेवरचे खड्डे थेट बोलण्यावर आले.

"पण तपासलं नाहीत?"

"तपासलं ना. सुरुवातीपासून शेवटपर्यंत चार वेळा खेळले." तिचा चेहरा उतरला. "जिंकत."

हरून बघायचं काम दुसऱ्या दोघांकडे होतं. खेळ बाजारात आणायची तारीख जवळ आली म्हणून साहेबांनी ती तपासणी रद्द केली. म्हणजे ज्यांनी पूर्ण पैसे मोजून ओरिजिनल सीडी घेतली, त्यांना पंचवीस वर्षं एकोणीस वाक्यं कधी ऐकूच आली नाहीत. मी सगळा आवाज काढला तो चोर. हिने एकोणीस वाक्यं खाल्ली ती इमानदारीने.

"मी खाल्ला तुझा आवाज, ताई," धाकटी म्हणाली. "ह्याने नाही. मी."

थोरलीने पाटी पुसली. लिहायला गेली, थांबली, आणि मार्कर ठेवून दिला. नुसता हात धाकटीच्या पाठीवर ठेवला. पण ठेवला तो जरा जोरातच. चापट म्हणायची की माया, ते मला शेजारी बसून कळलं नाही.

नऊ तारखेला सकाळी दोघींनी मलाही बरोबर नेलं. काही अडलं तर असावा म्हणून. वाचा उपचार केंद्राची खोली छोटी, पांढरी, भिंतीवर गळ्याचा उभा छेद दाखवणारं चित्र. तिथल्या बाई भल्या होत्या, पण त्यांचा कॉम्प्युटर भला नव्हता.

"एकशे पंच्याण्णव दिसतायत," त्या म्हणाल्या. "दोनशे झाल्याशिवाय पुढचं बटणच उमटत नाही हो."

"पाच वाक्यांनी काय अडतंय?" धाकटी म्हणाली.

"माझं नाही अडत. मला विचाराल तर दीडशेत पण आवाज होतो. पण त्यात दोनशे लिहिलंय. असं करूया का, नमुने मिळवून पुढच्या फेरीला या. तोवर प्रसन्न लावून देते."

थोरलीने पाटीवर मोठ्या अक्षरात लिहिलं, "प्रसन्न नको." खाली दोन रेघा मारल्या.

मी भिंतीला टेकून उभा होतो. मी म्हणालो, "मॅडम, पाच वाक्यांच्या कॉप्या करा. नावं बदला. यंत्र आकडा मोजतंय, ऐकत नाहीये."

केंद्रातल्या बाईंनी खिडकीबाहेर बघायला सुरुवात केली. बाहेर बघण्यासारखं काही नव्हतं, समोर दुसऱ्या इमारतीची भिंत होती, पण त्या फार मन लावून बघत होत्या.

धाकटीने माउसवर हात ठेवला. ह्या बाईने जन्मात एक गाणं फुकट उतरवून घेतलं नसेल. तिने यादीतलं एक वाक्य निवडलं. कॉपी. पेस्ट. नाव बदललं. दुसरं निवडलं. कॉपी. पेस्ट. तिसऱ्याला तिचा हात सरावला. पाचवं झालं तेव्हा ती माझ्याकडे वळून न बघता म्हणाली, "इतकं सोपं असतं होय हे?"

"फार सोपं, मॅडम. म्हणून तर आम्ही एवढे झालो."

बटण उमटलं. केंद्रातल्या बाई खिडकीवरून परतल्या, "अरे वा, झाले की दोनशे!" म्हणाल्या आणि बटण दाबलं. मग तास दीड तास यंत्र ते नमुने चघळत बसलं. थोरली पुतळ्यासारखी ताठ बसून होती. धाकटीने नखं खाऊन संपवली.

शेवटी बाईंनी तपासणीसाठी काहीतरी टाइप केलं आणि यंत्रातून आवाज आला, "नमस्कार. आपली भेट होऊन आनंद झाला." आवाज थोरलीचाच. पण असा, की आनंद झाला म्हणताना समोरच्याने खाली मान घालावी.

बाई ओशाळल्या. "नमुन्यांत सगळीकडे जरा... रागावणं आहे ना, त्यामुळे प्रत्येक वाक्य तसं येतंय. हे गोड करता येतं, बरं का. इथे एक पट्टी आहे, ती सरकवली की..."

थोरलीने यंत्र त्यांच्या हातातून काढून घेतलं आणि मांडीवर ठेवलं. एका बोटाने, हळूहळू, अक्षर शोधत टाइप करायला लागली. धाकटीने डोळे मिटून घेतले होते. माझं लक्ष त्या बोटाकडे. चुकलं, पुसलं, पुन्हा टाइप केलं. मग बोट बटणावर टेकलं.

"अहो बाई, ती पट्टी राहू द्या," आवाज खोलीभर घुमला. "आधी ह्या माणसाला खुर्ची द्या. सकाळपासून उभा आहे. डोळे आहेत ना सगळ्यांना?"

केंद्रातल्या बाई दचकून स्वतःच्याच खुर्चीतून उठल्या आणि ती माझ्याकडे सरकवली. धाकटी डोळे उघडून रडत होती आणि मधेच हसत होती, दोन्ही एकदम, नाक पुसायला रुमाल सापडत नव्हता.

मी नको नको म्हणत होतो.

"बस म्हटलं ना," थोरली म्हणाली.

मी बसलो.